दोन जुड्यांना काकडे किती?

३१ मे : जांभळी नाका, चरई

सकाळी साडेसातला ठाणे स्थानकाच्या पश्चिमेला उतरलो, तेव्हा माझ्या पिशवीत एक ग्रॅमचाही फरक दाखवणारा छोटा वजनकाटा, रेघांची वही आणि माझ्याच पहिल्या पुस्तकाची एक प्रत एवढेच सामान होते. त्या प्रतीच्या ११८व्या पानावर लाल शाईची मोठी फुली आहे. पान शेवळांच्या भाजीचे. शेवळे कशी सोलावीत, किती तेलात परतावीत, कोलंबी केव्हा घालावी, हे सारे मी तिथे ग्रॅम आणि मिनिटांसह लिहिले होते. काकड मात्र राहून गेले होते. पुस्तक निघाले त्याच जूनमध्ये डोंबिवलीच्या एका वाचक बाईंचे पत्र आले की, तुमच्या कृतीने भाजी केली आणि घरातली पाच माणसे दोन तास घसा धरून बसली होती. पाठोपाठ आणखी पत्रे आली. एका गृहस्थांनी तर डॉक्टरांच्या बिलाची छायाप्रत जोडली होती.

शेवळ हे सुरणाच्या कुळातले. वळवाच्या सरी पडल्या की पानांच्या आधी त्याचा फुलोऱ्याचा दांडा जमिनीतून वर येतो आणि भाजी होते ती या दांड्याची. सुरण आणि अळू यांच्याप्रमाणे त्यातही कॅल्शियम ऑक्झॅलेटचे सुईसारखे सूक्ष्म स्फटिक असतात आणि तेच घशाला टोचतात. म्हणून शेवळांबरोबर आंबट घालावेच लागते, आणि ठाण्याच्या परिसरात ते आंबट म्हणजे काकड : एका रानझाडाचे बोराएवढे, हिरवे, तुरट-आंबट फळ. मला ती कृती ज्यांनी सांगितली त्या बाईंनी काहीही लपवलेले नव्हते. मी त्यांच्या स्वयंपाकघरात पोहोचलो तेव्हा काकडे ठेचून, उकळून, त्यांचे पाणी पातेल्यात पडलेले होते. त्यांनी तेथून पुढचे सांगितले आणि मी तेथून पुढचे लिहिले. घरातल्या प्रत्येकाला जे ठाऊक असते ते कोणी सांगत नाही, आणि पाककृतींचा लेखक नेमका त्याच जागी पाय घसरून पडतो. दुसऱ्या आवृत्तीची पाने १५ जूनपर्यंत प्रकाशकांना द्यायची आहेत आणि शेवळांचा हंगाम जेमतेम तीन-चार आठवड्यांचा, म्हणून हा आठवडा ठाण्याला बहिणीकडे काढण्याचे ठरवले.

जांभळी नाक्याच्या मंडईबाहेर पदपथावर मुरबाड-शहापूरकडून आणि येऊरच्या पाड्यांवरून आलेल्या बाया बसलेल्या असतात. आज त्यांच्यापुढे शेवळांच्या जुड्या होत्या, जांभळट-तपकिरी, सुतळीने बांधलेल्या, प्रत्येकीत दहा-बारा दांडे. मी एकीकडून दोन जुड्या घेतल्या आणि काकडे किती घेऊ, असे विचारले. तिने उत्तर न देता टोपलीत हात घातला आणि एक मूठ माझ्या पिशवीत सोडली. त्याचे पैसे विचारले तर म्हणाली, ‘‘त्याचं काय घ्यायचं? ते भाजीसंगतीच असतं.’’

चरईतल्या एका चांद्रसेनीय कायस्थ प्रभू (सीकेपी) कुटुंबाकडे दुपारी जायचे ठरले होते. ठाण्यात या समाजाची वस्ती जुनी आहे, आणि वालाचे बिरडे, सोड्यांची, म्हणजे सुक्या कोलंबीची, खिचडी, खाजाचे कानवले, निनाव या पदार्थांवर त्यांच्या घरांत जितका वाद होतो तितका राजकारणावरही होत नसेल. घरातल्या आजी ८२ वर्षांच्या. त्यांनी हाताला तेल चोळले, शेवळांवरची आवरणे काढली, आतला केशरट दाणेदार भाग निग्रहाने बाजूला टाकला आणि उरलेले इतके बारीक चिरले की भाजीला ‘शेवळांची कणी’ का म्हणतात ते न विचारताच कळले. कणी सोड्यांत केली. कांदा, आले-लसणाचे वाटण, हळद, मसाला, नारळाचे दूध, आणि त्याआधी काकडांचे गाळलेले पाणी.

‘‘आजी, काकडं किती घेतलीत?’’

‘‘ती बाई देते तेवढी.’’

‘‘पण ती किती देते?’’

आजींनी माझ्याकडे असे पाहिले की जणू मी पावसाला किती थेंब असतात ते विचारले होते. त्यांच्या सासूबाईही त्याच नाक्यावरून शेवळे आणीत आणि त्याही बाई देईल तेवढी काकडे घेत. म्हणजे या घरात निदान ७० वर्षे ही भाजी होते आहे, तीही कोणाचा घसा न खाजवता, आणि तिच्यातले सर्वांत महत्त्वाचे माप घरातल्या कोणालाही माहीत नाही. ते विकणारीच्या मुठीत आहे. उद्या येऊरला जायचे ठरवले.

१ जून : येऊर

ठाणे परिवहनची येऊरची बस स्थानकाजवळून सुटते, शहराचा गोंगाट ओलांडून चढणीला लागते आणि वन खात्याच्या नाक्यापाशी आल्यावर हवा बदललेली जाणवते. येऊरचे रान संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात मोडते. बिबट्यापासून सावध राहण्याची सूचना देणारे फलक आणि शनिवार-रविवारच्या मेजवान्यांसाठी बांधलेले बंगले एकाच रस्त्यावर दिसतात. कालची विक्रेती मला बसथांब्यावर घ्यायला आली होती. ती वारली, पन्नाशीची, चालण्यात माझ्याहून दुप्पट वेगवान. उद्यानातून काही तोडायला बंदी आहे, हे तिने मी न विचारताच सांगितले. तिची शेवळे तिच्याच भातखाचराच्या बांधावरची आणि काकडाचे झाड तिच्या सासऱ्याने राखलेले.

बांधावर शेवळ शोधायला मला अर्धा तास लागला आणि त्या वेळात मला तीन दांडे सापडले. तिने तेवढ्यात दोन जुड्यांचा माल काढला. ती खणत नव्हती. मातीशी दोन बोटे नेऊन दांडा किंचित पिळून उचलत होती, म्हणजे खालचा कंद जागेवर राहतो आणि पुढच्या वर्षी तिथेच पुन्हा शेवळ येते. हे माझ्या पुस्तकात नव्हते आणि तसे पाहिले तर ते स्वयंपाकाचे पुस्तक असल्याने नसले तरी चालले असते. पण ते घालायचे मी तिथेच ठरवले.

मग काकडांचा प्रश्न काढला. मी तिला म्हटले, ‘‘बाई, दोन जुड्यांना जितकी देतेस तितकी इथे काढ.’’ तिने मूठ भरली, मी काट्यावर पान ठेवून ती मोजली : १४ फळे, ३८ ग्रॅम. पुन्हा मूठ भरायला सांगितले : १३ फळे, ३६ ग्रॅम. तिसऱ्यांदा १४. हॉटेलच्या स्वयंपाकघरात बारा वर्षे काढलेल्या माणसाला या अचूकतेची किंमत कळते. नवीन मुलाला मिठाची चिमूट एकसारखी घ्यायला आम्ही सहा महिने शिकवीत असू आणि तरीही त्याची चिमूट सकाळी एक तर रात्री दुसरी असे.

मी आनंदाने आकडा लिहून घेत होतो, तोच ती म्हणाली की हे आजचे झाले. पहिल्या सरीची शेवळे कोवळी असतात, त्यांना एवढे पुरते. पाऊस लागून आठ-दहा दिवस झाले की शेवळ जून होते, तेव्हा ती दीड मूठ देते. काकडाचेही तसेच : ते जून झाले की आंबटपणा उतरतो. म्हणजे तिची मूठ हे नुसते माप नव्हते, हंगामाचा हिशेबही त्यात धरलेला होता, आणि चरईतल्या आजी तो हिशेब ७० वर्षे फुकट वापरीत आल्या होत्या.

तिने मला जेवायला थांबवले. तिची भाजी आजींच्या कणीहून अगदी निराळी. नारळ नाही, आले नाही, तेल नखभर; ठेचलेली काकडे, मिरची, मीठ आणि मूठभर सुका जवळा. जवळा कोठून आणतेस, असे विचारल्यावर तिने हाताने खाली, खाडीच्या दिशेला दाखवले. डोंगरावरची बाई शेवळे घेऊन खाली जाते आणि येताना कोळणीकडून जवळा घेऊन वर येते. चरईतले घर त्या दोघींकडून घेते. ‘वारली’, ‘कोळी’, ‘सीकेपी’ अशी प्रकरणे पाडून मी जे पुस्तक लिहिले आहे त्याच्या रचनेबद्दलच मला त्या ओट्यावर बसून शंका येऊ लागली.

२ जून : चेंदणी कोळीवाडा

१६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून निघालेली देशातली पहिली प्रवासी गाडी ३४ किलोमीटर धावून ठाण्याला पोहोचली, हे प्रत्येक ठाणेकर पाहुण्याला पहिल्या पाच मिनिटांत सांगतो. त्याच रुळांच्या दोन्ही बाजूंना चेंदणीचा कोळीवाडा आहे, हे मात्र सहसा सांगितले जात नाही.

कालपासून मासेमारीबंदी लागली आहे. १ जून ते ३१ जुलै हा माशांच्या विणीचा काळ, यांत्रिक नौका किनाऱ्याला ओढलेल्या. कोळीवाड्याचा पावसाळा बंदीच्या या दिवसांत नव्हे, त्याच्या आधी महिनाभर, आगोटीत सुरू झालेला असतो. आगोट म्हणजे पावसाआधीचे दिवस आणि त्या दिवसांत करायची बेगमी : सुके बोंबील, वाकट्या, जवळा, सोडे, खारवलेला बांगडा, तांदूळ, लाकूडफाटा, आणि या सगळ्यांचा राजा म्हणजे वर्षाचा मसाला. मी पोहोचलो तेव्हा गल्लीच्या टोकाच्या कांडपावर शेवटच्या दोन घरांचा मसाला डंखाखाली होता. लोखंडी दांडे लयीत खाली येत होते, हवेत मिरचीची धूळ होती, आणि तोंडाला पदर बांधलेल्या मावशी माझ्या शिंकांवर मनसोक्त हसत होत्या.

येथे जरा मागे जातो, कारण माझ्या लेखनाचा आरंभ अशाच मसाल्यापाशी झाला. दादरच्या केटरिंग कॉलेजातून तीन वर्षांचा अभ्यासक्रम करून मी मुंबईतल्या एका मोठ्या हॉटेलात ‘कॉमी शेफ’, म्हणजे हाताखालचा आचारी, म्हणून लागलो. तिथे प्रत्येक पदार्थाचे एक कार्ड असे : घटक ग्रॅममध्ये, वेळ मिनिटांत, एका ताटलीतला भाग किती ग्रॅमचा आणि तो कितीला पडतो तेही. भारतीय विभागात सकाळी तांबडी, पिवळी आणि पांढरी अशा तीन ग्रेव्ह्या मोठ्या पातेल्यांत शिजत आणि रात्री त्यांच्याच जोड्या लावून पंचवीस-तीस नावांचे पदार्थ बाहेर जात. त्यांत महाराष्ट्राचे नाव एकाच पदार्थाला होते आणि तोही महाराष्ट्रात कोणी खात नसे. मात्र दुपारी साडेतीनला कर्मचाऱ्यांचे जेवण होई, आणि उरणकडचा एक आगरी सहकारी कधी कधी घरचा मसाला आणून करंदीचे कालवण करी. त्या अर्ध्या तासात स्वयंपाकघरात कोणी बोलत नसे. ते कालवण पाहुण्यांच्या यादीत घ्यावे, असे मी वरिष्ठांना सुचवले, तेव्हा त्यांनी कार्ड मागितले. मी त्या सहकाऱ्याला प्रमाण विचारले. तो म्हणाला, ‘‘मसाला आईचा आहे, प्रमाण तिला विचार.’’ मी पुढच्या सुट्टीत उरणला गेलो. ते कार्ड कधी झाले नाही. माझी पहिली वही मात्र तिथेच भरू लागली. पुढे नोकरी सोडली, आणि घरच्यांना ते पाच वर्षे पटले नाही. प्रादेशिक पाकपुस्तकांच्या मानधनावर संसार चालत नाही, हे त्यांचे म्हणणे तेव्हाही खरे होते आणि आजही आहे. माझे भाडे लग्नसमारंभांच्या सल्लागारीतून आणि कॉलेजातल्या तासिकांतून निघते.

चेंदणीतल्या मावशींच्या मसाल्यात बेडगी, संकेश्वरी आणि लवंगी अशा तीन मिरच्या होत्या. धणे, जिरे, हळकुंड, खसखस, दगडफूल, नागकेशर, तमालपत्र, मिरी, लवंग, दालचिनी, चक्रीफूल, जायपत्री. आणि बरणीत भरल्यावर वर ठेवायला हिंगाचे खडे. ही यादी त्यांनी घडाघडा सांगितली, कारण ती दुकानदाराला द्यावी लागते. बाजारातून आणायच्या गोष्टींचे प्रमाण लोकांना तोंडपाठ असते आणि घरात वापरायच्या गोष्टींचे नसते, हा माझा इतक्या वर्षांचा अनुभव आहे. कालवणात मसाला किती, असे विचारल्यावर त्यांनी पातेल्याकडे बोट केले.

‘‘त्याचा रंग बघ. तांबडा दिसला की झाला. हाताला कलतं रं, लिवून काय कलनार?’’

मी वजनकाटा काढला. मावशींना तो फार आवडला. त्यांनी त्यावर आधी आपली सोन्याची अंगठी ठेवून पाहिली, मग शेजारणीची. त्यानंतर त्या दोघींत जो संवाद झाला तो पुस्तकात घालण्यासारखा नाही. शेवटी माझ्या विनंतीवरून त्यांनी मसाल्याचा डबा काट्यावर ठेवूनच स्वयंपाक केला. बोंबलाच्या कालवणाला, चार माणसांसाठी, डबा २६ ग्रॅमने हलका झाला. माझ्या पुस्तकात ‘दोन चमचे’ असे आहे, म्हणजे जास्तीत जास्त १२ ग्रॅम. हे कसे झाले, तेही लगेच कळले : त्यांचा चमचा म्हणजे लाकडी दांड्याचा, वाढायच्या पळीहून थोडा लहान. कमलाबाई ओगले यांनी १९७०च्या ‘रुचिरा’त वाटी आणि चमचा यांचे माप घेतले आणि ते घरोघरी पोहोचले, कारण पुस्तकभर त्यांचे माप एकच होते. मी शंभर घरांतले शंभर चमचे एका पुस्तकात गोळा केले आणि सगळ्यांना ‘चमचा’ असे म्हटले.

निघताना मावशींनी एक पसाभर सोडे कागदात बांधून दिले. पैसे घेतले नाहीत. पण पुढच्या वेळी तसलाच काटा आणण्याची अट घातली.

३ जून : पाचपाखाडी

रात्रभर पाऊस. सकाळी लोकलचा गोंधळ झाल्याने वाशीला जाणे रद्द केले. दिवसभर ताईच्या स्वयंपाकघरातले चमचे मोजले. तिच्याकडे सात प्रकारचे आहेत आणि सपाट भरून मसाला ४ ग्रॅमपासून ११ ग्रॅमपर्यंत मावतो. भाऊजींनी मिसळीचा विषय काढला. ठाण्याच्या मिसळीबद्दल मी कधीही लिहिणार नाही. या शहरात माझी बहीण राहते आणि मला इथे पुन्हा यायचे आहे.

४ जून : तुर्भे

ठाण्याहून सुटणारी ट्रान्स-हार्बर लोकल २००४पासून आहे. खाडी डाव्या-उजव्या अंगाने अधूनमधून दिसत राहते, ऐरोली, रबाळे, घणसोली, कोपरखैरणे मागे पडतात आणि तुर्भ्याला उतरताच वाऱ्याच्या दिशेवरून कृषी उत्पन्न बाजार समितीचे मसाला मार्केट कोठे आहे ते नाकाला कळते. चेंदणीच्या मावशींनी ज्या दुकानदाराचे नाव सांगितले तो ज्या गाळ्यावरून माल उचलतो, त्या गाळ्यावर मी सकाळी नऊला हजर होतो. माथाडी कामगार गोण्या वाहत होते. अडत्यांनी मला आधी कर अधिकारी समजून चहा दिला आणि मी लेखक असल्याचे कळल्यावर दुसरा चहा दिला नाही.

मिरच्यांच्या गोण्या उघडून त्यांनी मला जे दाखवले ते कोणत्याही स्वयंपाकशाळेत शिकवत नाहीत. बेडगी सुरकुतलेली, लांब, गडद. तिखट फार नाही, पण रंगासाठी तिला तोड नाही, म्हणून मसाल्याला तांबडेपण देण्याचे काम तिचे. लवंगी आणि तेजा तिखटासाठी. संकेश्वरी मधली, रंग आणि झणका दोन्ही थोडे थोडे देणारी. रंग उडालेल्या, पांढरट पडलेल्या मिरचीला फटकी म्हणतात. ती स्वस्त असते आणि तयार पुडीत कोणालाही न दिसता जाऊ शकते. शीतगृहात ठेवलेली मिरची वर्षभर मिळते, मग लोक मसाला उन्हाळ्यातच का करतात, असे मी विचारले. उत्तर सोपे होते : मिरची वर्षभर मिळते, पण तिला वाळवायला लागणारे ऊन मिळत नाही. ओल राहिलेला मसाला श्रावणापर्यंतही टिकत नाही, त्याला जाळी धरते.

गाळ्यावर बसून मी मावशींच्या यादीतला एकेक घटक कोठून येतो ते विचारत गेलो. ब्याडगी हे कर्नाटकात हावेरी जिल्ह्यातले गाव आणि त्याच्या मिरचीला २०११मध्ये भौगोलिक मानांकन मिळालेले आहे. संकेश्वर बेळगाव जिल्ह्यात. जिरे गुजरात-राजस्थानकडचे, दगडफूल डोंगरांतल्या झाडाखडकांवरचे शेवाळासारखे धोंडफूल, लवंग आणि जायपत्री बहुतेक समुद्रापलीकडची. आणि मिरची ही मुळात सोळाव्या शतकात पोर्तुगीजांबरोबर आलेली पाहुणी. ज्याला मी माझ्या पुस्तकात ‘अस्सल ठाण्याचा कोळी मसाला’ म्हटले, त्यातला एकही दाणा ठाण्यात पिकत नाही. ‘अस्सल’ हा शब्द दुसऱ्या आवृत्तीतून काढून टाकणार आहे. ठाण्याचे काय असेल तर प्रमाण आणि तो डंख.

वाचकांना सर्वांत जास्त पडणारा प्रश्न हा की, हा मसाला आमच्या गावात मिळत नाही, त्याऐवजी काय घालू? गरम मसाला आणि तिखट एकत्र करून घाला, असे सांगणारी पुस्तके आहेत, मीही एकदा तसे छापले आहे. ते चूक आहे. गरम मसाल्यात सुवासाची बाजू जड, तर या मसाल्यात मिरची आणि धणे मिळून मोठा वाटा. एकाच्या जागी दुसरा घातला की कालवणाला बिर्याणीचा वास येतो. म्हणून या वेळी पाव किलो मसाला घरच्या मिक्सरमध्ये करण्याची कृती द्यायची ठरवली आणि त्यासाठी लागणारा माल तिथेच किलोच्या आत घेतला. घाऊक बाजारात पाव किलोची खरेदी करणाऱ्या माणसाकडे हमाल ज्या नजरेने बघतात ती नजर मी सहन केली.

५ जून : बेलापूर

नवी मुंबई वसवणाऱ्या सिडकोची स्थापना १९७०ची. नवी मुंबईसाठी ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतल्या ९५ गावांची जमीन घेण्यात आली. १९८४मध्ये उरण तालुक्यातल्या जासईला शेतकऱ्यांच्या आंदोलनावर गोळीबार झाला, माणसे गेली आणि पुढे प्रकल्पग्रस्तांना साडेबारा टक्के विकसित भूखंड देण्याची योजना आली. हे पाककृतींच्या पुस्तकात कशाला, असे कोणी विचारील. बेलापूरजवळच्या एका गावठाणात ज्या आगरी कुटुंबाकडे मी आज गेलो, त्यांच्या चार मजली घराच्या तळमजल्यावर अजून चूल आहे आणि घरातल्या काकूंनी भाकरीचे पीठ मळताना पहिलेच वाक्य उच्चारले ते असे : ‘‘हे पीठ बाजारचं आहे, म्हणून भाकरी चिरते. दोष माझ्या हाताला देऊ नका.’’

आगरी हे नावच आगरावरून आले, मिठागर आणि भातशेती या दोन्हींवरून. खाडीलगतच्या खाजणात खाऱ्या पाण्याला दाद न देणारे ‘राता’ जातीचे लालसर भात होत असे. पनवेलला कोकण कृषी विद्यापीठाचे खारभूमी संशोधन केंद्र आहे आणि तिथून क्षार सोसणारे सुधारित वाण निघालेले आहेत. पण वाण असून शेत नसेल तर काकूंना उपयोग नाही. त्यांचे शेत जिथे होते तिथे आता एका बँकेचे कार्यालय आहे. लाल तांदळाच्या पिठाची भाकरी थापताना कडा फाटत नसत, असे त्या म्हणाल्या. मला ते तपासून पाहता आले नाही. बाजारच्या पिठावर त्यांनी शोधलेला उपाय मात्र मी टिपून घेतला : उकळत्या पाण्यात पिठाचा सहावा हिस्सा शिजवून त्याची उकड काढायची, ती उरलेल्या पिठात मळायची आणि झाकून ठेवायची. २०० ग्रॅम पिठाला त्यांना २१० मिलिलिटर पाणी लागले. भाकरी चिरली नाही.

मिठाचाही एक धडा मिळाला. त्या अजून जाडे मीठ वापरतात. त्यांचाच एक चमचा बारीक मिठाने सपाट भरला तर ६ ग्रॅम आणि जाड्या मिठाने ४ ग्रॅम. त्यांच्या चमच्याने सांगितलेली कृती शहरातल्या स्वयंपाकघरात बारीक मिठाने केली तर पदार्थ दीडपट खारट होणार, आणि त्यात सुकी मासळी आधीच खारवलेली. पत्रे येतात ती उगाच नाहीत.

जेवणानंतर मी माझा नेहमीचा प्रश्न विचारला : पुस्तकात कृतीखाली तुमचे नाव छापू का? पहिल्या पुस्तकात मी कोणाचेच नाव छापले नव्हते आणि त्याची मला लाज वाटते. मुखपृष्ठावर माझे एकट्याचे, पांढऱ्या कोटातले छायाचित्र आहे. काकूंनी थोडा विचार केला. भाकरी सासूकडून शिकले, तिचे नाव घाला, असे म्हणाल्या. सासूबाई आत पलंगावर होत्या. त्यांना विचारले, तर त्या म्हणाल्या, ‘‘माझं कशाला? गावाचं लिवा. गावाचं नाव आता कुठंच लिवत नाय, सेक्टर लिवतात.’’

संध्याकाळी जवळच्या दिवाळे गावाच्या बंदरावर गेलो. होड्या ताडपत्रीखाली होत्या. एक मुलगा ओहोटीच्या चिखलात हात घालून निवट्या, म्हणजे चिखलातले छोटे मासे, पकडत होता आणि बादलीतून निसटणाऱ्या निवट्या पुन्हा पुन्हा आत टाकत होता. निवट्यांची कृती या पुस्तकात नाही. त्यासाठी पाऊस नीट लागल्यावर पुन्हा यावे लागेल.

६ जून : पाचपाखाडी

पहाटे जांभळी नाक्यावरून आठ जुड्या आणल्या. येऊरची बाई तिथे होती, तिने मला ओळखले आणि काकडे मोजून देऊ का, असे विचारून शेजारणींना हसवले. ताईच्या गॅसवर तीन पातेली लावली. प्रत्येकात दोन जुड्यांची सोललेली, चिरलेली शेवळे, म्हणजे साधारण २०० ग्रॅम. तेल, कांदा, चेंदणीचे सोडे सगळीकडे सारखे. काकडे मात्र पहिल्यात ६, दुसऱ्यात १० आणि तिसऱ्यात १४. तिन्ही वेळा काकडे ठेचून, अर्ध्या वाटी पाण्यात उकळून, गाळून घातली. खाणारे तिघे : मी, ताई आणि भाऊजी, ज्यांना पातेल्यांचा क्रम सांगितलेला नव्हता.

६ काकडांच्या भाजीने मला दहा मिनिटांत घशाशी टोचायला लागले, आणि भाऊजींनी काही न बोलता गुळाचा खडा तोंडात टाकला. १० काकडांची ताईला चालली, मला किंचित जाणवली. १४ची आंबट होती, नारळाचे दूध थोडे वाढवावे लागले, पण घसा कोणाचाच धरला नाही. दुपारी उरलेल्या दोन जुड्या घेऊन चौथ्यांदा तसेच करून पाहिले आणि तसेच झाले.

रात्री ११८वे पान नव्याने लिहून प्रकाशकांना पाठवले. घटकांच्या यादीत काकड आता सर्वांत वर आहे, शेवळांच्याही आधी : ‘काकडे १४ (३८ ग्रॅम), पाऊस सुरू होऊन आठवडा उलटला असल्यास २१. शेवळे विकणाऱ्या बाईने याहून अधिक दिली, तर तिचे ऐकावे.’ कृतीच्या खाली छापायला ओळ दिली आहे : येऊर, चरई, चेंदणी.

प्रकाशकांचे उत्तर अर्ध्या तासात आले. शेवटचे वाक्य मापात बसत नाही, ते काढू का, असे त्यांनी विचारले आहे. काढू नका, असे कळवले.